बांबूचा राक्षस

१२ डिसें., घाटघर
राक्षस मला केवढ्याला पडला, तर: दोन बांबू जोडून एक, सुतळीचं बंडल, मांडवाचं लाल कापड फाडून, आणि घाटात टेम्पो तापला म्हणून पलीकडच्या गावच्या लग्नातलं मांडवाचं काम हातचं गेलं.
राक्षसाचा जुना सिनेमा इथंच झालेला, तेव्हा रबराच्या राक्षसात माणूस होता. आता तोच सिनेमा नव्यानं. राक्षस मागाहून कॉम्प्युटरात येणार. तोवर पळताना लोकांनी कुठं बघायचं, म्हणून बांबूवर तेवढ्या उंचीला कापड.
डायरेक्टर म्हणाला, "गर्दी पळेल ना?"
"साहेब, निम्म्या गावाला मांडव माझा. एका शिट्टीवर पळतील."

१३ डिसें.
शिट्टी मारली, बांबू उभा केला. अख्ख्या गावानं चपला काढून हात जोडले! जत्रेत देवाची काठी अशीच येते, लाल फडक्याची. कापड निवडलं मीच. कुणाला बोलू?
डायरेक्टर ओरडला, "अरे पळा! राक्षस आहे!"
गावातली म्हातारी ठकूबाई नवं लुगडं नेसून पुढं उभी. "कुठंय? मागल्या सिनेमात मी पळाले व्हते. रबराचा व्हता, पण व्हता."
कापड काढून खताची गोणी बांधली. लोक पळाले, पण हसत, वरातीत निघाल्यासारखे.
जेवताना गाडीमागं डायरेक्टर फोनवर, हळू आवाजात. पण कान माझे तिखट. "गाववाले नकोत. पुण्याहून मुलं आणू."
सिनेमात दिसाल, असा शब्द मी दिलाय गावाला.

१४ डिसें.
डायरेक्टरला म्हणालो, "एक टेक द्या. फसला तर पुण्याची पोरं मीच आणतो."
शिट्टी खिशात ठेवली. ठकूबाईला म्हणालो, "आजी, मागला कसा व्हता ते सांगा यांना."
म्हातारी सांगू लागली. रबराचा जळका वास, लाल डोळं, "पाय टाकला की पोटात हलायचं बघ." सगळे सरकून जवळ आले. तेवढ्यात गोणी वर. ठकूबाई लुगडं आवरत पहिली पळाली, मागं गाव. मीपण पळालो राव! का, ते अजून कळत नाही.
डायरेक्टर खूश. पुण्याची पोरं रद्द.

२ फेब्रु.
मुंबईहून डायरेक्टरचा फोन. चुकून झालेला हात जोडल्याचा शॉट तिथं आवडलाय. लोक राक्षसाला देव समजतात, असं गोष्टीत बसतं का ते बघतायत. त्यात ठकूबाई अगदी पुढं आहे. पण नक्की नाही.
तिचा परत निरोप, "मी दिसते का, शेट?"
पळणारी गर्दी थोडी वाटते म्हणे. आमचं पळणं काढून ती कॉम्प्युटरातच करणार.