द्रुपदाची मान

२ नोव्हेंबर १९४१, जवळा बाजार

गळ्यातून श्वास घेणाऱ्या बाईचा आवाज कुठं राहतो? मला सांगता येणार नाही, माझ्या बी.ए.त ते नव्हतं. पण शोधीन! आज उत्तमरावांच्या घरी कामावर रुजू झाले. घटसर्पात त्यांच्या पत्नीचा, द्रुपदाचा, जीव वाचवायला हैदराबादेत गळ्याला भोक पाडून चांदीची नळी बसवली. तिला लिहा-वाचायला शिकवायचं, नळी उकळून स्वच्छ ठेवायची. आम्हा दोघींची खोली हवेशीर आहे. शेजारच्या जिनिंग कारखान्याचा कापूस उडून नळीत जाऊ नये म्हणून दार तेवढं बंद असतं.

तिच्या सासूबाई, भिकाबाई, मोठ्या मिश्कील. म्हणाल्या, "साऱ्या गावच्या सुना मान खाली घालतेत, आमची तेवढी वर. खाली घातली की हनुवटीनं भोक झाकतं न्!"

५ नोव्हेंबर

नळी झाकली की द्रुपदा बोलते. पण झाकायचं बोट फक्त सासूबाईंचं, तेही दोन शब्दांपुरतं. काहून, विचारलं. सासूबाई म्हणाल्या, "जास्तीचा दम कुठून आणावा, बाई?" मला संताप आला. वर ठसकाही लागला, कापूस असावा. आधीची दाई कमरजहाँ जाताना एक शब्द बोलली नाही म्हणे.

९ नोव्हेंबर

बाईचा आवाज दुसऱ्याच्या बोटावर का असावा? आज द्रुपदाला स्वतःचं बोट नळीवर ठेवायला शिकवलं. किती बोलली! पुसेगावचं माहेर, बोरं, भावाची लबाडी. दोघी हसलो. मग मला भोवळ आली. उपासाची असेल.

१३ नोव्हेंबर

उपास नव्हे. ती नळी झाकते तेव्हा माझा श्वास थांबतो. बोट उचललं की सुटतो. आणि तिचा आवाज — तो माझा आहे.

सासूबाई रडल्या. दोन शब्द म्हणूनच, म्हणाल्या. तेवढे नळी सांभाळणारीला सोसतात.

१४ नोव्हेंबर

मोटारीच्या थांब्यापर्यंत पळाले. तिथंच कोसळले. घरी ती बोलत होती.

उत्तमरावांनी परत आणलं. "बायको बोलून राहिली, आता कुठं चालल्या?" बाहेरून कडी.

१५ नोव्हेंबर

द्रुपदाच्या पाया पडले. ती माझ्याच आवाजात म्हणाली, "बाई, तुमीच तर शिकवलं." मी खाली पडेपर्यंत —

१६ नोव्हेंबर, दुपार

ती झोपली असताना तिचे दोन्ही हात लुगड्याच्या धडप्यानं खाटेला बांधले. मी. तिला बोलायला शिकवणारीनं.

श्वास मोकळा आहे.

ती जागी झाली. हात ओढून पाहिले. रागावली नाही. हसली — आणि नव्या सुनेसारखी मान हळूहळू खाली