दोन जॉन, एक मेरी आणि बाबांचं इंग्रजी

पळसदरी, ता. कर्जत
दि. २८ मे १९८६

तीर्थस्वरूप चंद्रभागा मावशीला जयवंताचा सविनय जय भीम.

तुझी दाढ काढून झाली का, की अजून गाल धरूनच ड्यूटी करतेस? (दवाखान्यात नोकरी करणारी माणसं स्वतःच्या दुखण्याला सगळ्यात जास्त भितात, असं आई म्हणते. मी नाही म्हणत.) आई मजेत आहे. तुझी लोणच्याची बरणी तिने वेगळी काढून ठेवली आहे आणि आम्हाला तिच्याकडे बघूही देत नाही. बाबांची तब्येत आता बरी आहे. ‘आता’ हा शब्द वाचून घाबरू नकोस. रविवारी त्यांना जो ताप आला होता, तो थर्मामीटरमध्ये दिसणारा ताप नव्हता. तो कशाने आला आणि कसा उतरला हेच सांगायला पत्र लिहिते आहे. दुसरं काही काम नाही.

तुला माहीतच आहे, आपल्या बौद्धवाड्यात इंग्रजी म्हटलं की बाबा. ते स्टेशनात बावटा दाखवणारे, रुळांचे सांधे बदलणारे पॉइंट्समन, तिथले कागद इंग्रजीत, आणि ते कागद हातात धरून बाबांच्या कपाळाला आठ्या पडलेल्या लोकांनी पाहिल्या आहेत. तेवढ्यावर कुणाची तार आली, कुणाच्या औषधाच्या बाटलीवर काय लिहिलंय, सगळं आमच्या ओट्यावर येतं. बाबा कुणाला नाही म्हणत नाहीत. (बाटलीवर काहीही लिहिलेलं असो, ते ‘जेवणानंतर’ असंच सांगतात. अजून कुणाला अपाय झालेला नाही.) फक्त काळूरामकाकांचा त्यांच्यावर विश्वास नाही. काळूरामकाका म्हणजे आपल्या मंडळाचे अध्यक्ष. दोन वर्षांपूर्वी रस्त्यावर दिवा मिळावा म्हणून बाबांनी मंडळातर्फे तालुक्याला इंग्रजीत अर्ज केला, आणि तीन महिन्यांनी जीपमधून दोन माणसं येऊन वाड्यातल्या झाडून सगळ्या शेळ्यांना इंजेक्शन देऊन गेली. दिवा अजून आलेला नाही. शेळ्या ठणठणीत आहेत.

तर यंदा बुद्धपौर्णिमेला मंडळाने कर्जतहून तीन दिवसांसाठी टीव्ही आणि व्हिडिओ भाड्याने आणला. शुक्रवारी संध्याकाळी वंदना झाली, खीर झाली, विहारापुढच्या अंगणात सगळे दाटीवाटीने बसले. डबीवर हिंदी कौटुंबिक चित्रपटाचं नाव, आई-मुलगा रडतायत असं चित्र. कॅसेट लावली तर आत भलतीच. एका मोठ्या शहरातला रस्ता, आगगाडीच्या डब्यांवर रंगाने काहीबाही काढलेलं, आणि आपल्याहून काळी अशी पोरं पुठ्ठ्यावर पाठ टेकून भोवऱ्यासारखी फिरतायत. अमेरिकेचा इंग्रजी पिक्चर. दुकानदार कुलूप लावून लग्नाला खोपोलीला गेलेला, दुसरी कॅसेट नाही. लोक उठायला लागले तेव्हा काळूरामकाकांनी माइक घेतला आणि म्हणाले, “बसा, बसा. आपले सखाराम हायेत ना. त्ये सांगतील आपल्या भाषेत.” ते हे मदत म्हणून बोलले की शेळ्यांची आठवण ठेवून, हे मला अजून कळलेलं नाही.

मावशी, मी बाबांच्या शेजारी बसले होते. त्यांनी माइक घेतला आणि ते खाकरले. मग जे सुरू झाले ते थांबलेच नाहीत. नावं ऐकू येत नव्हती म्हणून त्यांनी उंच पोराला मोठा जॉन केलं, बुटक्याला धाकटा जॉन, आणि कानात मोठी कडी घातलेल्या मुलीला मेरी. खांद्यावर भलामोठा टेपरेकॉर्डर घेऊन फिरणारा माणूस म्हणजे तिथल्या टेलिफोन खात्याचा नोकर. पोरं नाचतात ते जुनं गोदाम, आणि ते पाडायला निघालेला टाय घातलेला माणूस म्हणजे डिव्हिजनचा मोठा साहेब. बाबांच्या अमेरिकेत सगळे रेल्वेतच होते. मोठ्या जॉनचा बाप त्याला रागावतो तो प्रसंग तर इतका रंगला की बायका पदराने डोळे पुसत होत्या. “बाळा, मी आयुष्यभर हातात बावटा धरला, तू पेन धर,” असं तो बाप म्हणाला, असं बाबा म्हणाले. (त्या बापाच्या हातात त्या वेळी पाव होता. मी पाहिलं.)

घोटाळा दोनच ठिकाणी झाला. पहिला असा की समोर लहान मुलं होती, म्हणून मेरी ही मोठ्या जॉनची सख्खी बहीण आहे असं बाबांनी सुरुवातीलाच जाहीर करून टाकलं होतं. अर्ध्या तासाने जिन्यावर त्या दोघांनी एकमेकांचा मुका घेतला. सगळं अंगण पडद्यावरून वळून बाबांकडे बघायला लागलं. मग ते अगदी शांतपणे म्हणाले, “आत्ताच असं उघडकीस आलं आहे, की जन्माच्या वेळी दवाखान्यात मुलांची अदलाबदल झाली होती.” सगळ्यांनी सुटकेचा निःश्वास टाकला. शेजारची चिंधी आत्या म्हणाली, “मला वाटलंच व्हतं. तोंडावळा कुटं जुळत व्हता?”

दुसरा घोटाळा, दोन पोरं समोरासमोर उभी राहून माइकवर ताल धरून भराभरा बोलायला लागली तेव्हाचा. इतकं भराभर की बाबांना मध्ये शब्द घालायला फट सापडेना. “हे गाणं आहे, गाण्याचा अर्थ सांगत नसतात,” असं म्हणून ते सुटू बघत होते, तेवढ्यात पुढे बसलेल्या भीमाबाई बोलल्या. (त्यांचे मालक पूर्वी आंबेडकरी जलशात गाणी म्हणत गावोगाव फिरायचे, तुला आठवत असतील.) त्या म्हणाल्या, “गानं नाय रं त्ये. सवालजवाब हायेत. आमचं मालक असंच उभं राहून समोरच्याला शब्दानं लोळवायचे. तू सांग काय म्हनतात त्ये.” बाबा म्हणाले, शब्द फार जुने आहेत. भीमाबाई पुन्हा पडद्याकडे वळल्या, पण त्यांचं समाधान झालं नाही हे त्यांच्या पाठीवरूनसुद्धा कळत होतं.

शेवटी गोदामात नाचाची मोठी स्पर्धा झाली, दोन्ही जॉन जीव तोडून नाचले, परीक्षक निकाल सांगायला उभे राहिले आणि आमच्याकडचे दिवे गेले. आले तेव्हा यंत्राने पुढची सगळी फीत चावून ठेवली होती. ती कापून बाहेर काढावी लागली, म्हणजे शेवट कायमचा गेला. बाबांनी न डगमगता सांगितलं की दोघे जिंकले, गोदामाची शाळा झाली आणि मोठा जॉन पुढे स्टेशनमास्तर झाला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. काळूरामकाकांनी वाजवल्या नाहीत.

शनिवारी सकाळपासून वाड्यातली पोरं चालायची बंद झाली आणि सरकायला लागली. दुकानातले सगळे पुठ्ठे संपले. काळूरामकाकांचा नातू विजेचा झटका बसल्यासारखे हात करत नळावर गेला, तर त्याच्या आईने त्याला उचलून कंपाउंडरकडे नेलं. बातमी पार ठाकुरवाडीपर्यंत गेली आणि रविवारी दुपारी पुन्हा पिक्चर दाखवायचं ठरलं. आणि नेमका शनिवारीच काळूरामकाकांचा मेहुणा गजा भाचीच्या बाळाच्या बारशासाठी आला. हा गजा खालापूरकडचा, माथेरानच्या हॉटेलात वेटर. तिथे गोरे पाहुणे उतरतात, त्यांच्याशी तो रोज इंग्रजीत बोलतो, असं काळूरामकाका सगळ्यांना सांगत होते. ते आमच्या ओट्यापाशी येऊन म्हणाले, “सखाराम, उद्या आमचा गजा पुढं बसंल. तुमी सांगा, त्यो ऐकंल. काय खरं, काय खोटं, एकदा व्हऊन जाऊ द्या.”

रविवारी सकाळी बाबांना ताप आला. वैशाखात घोंगडी घेऊन ते भिंतीकडे तोंड करून निजले. मी कपाळाला हात लावला तर कपाळ गार होतं, पण डोळे मिटलेले, आणि ओठ असे घट्ट दाबलेले की मला गलबलून आलं. त्यांना नेहमी सगळ्यांनी विचारलं आणि त्यांनी नेहमी सांगितलं. ‘मला येत नाही’ एवढं एक वाक्य त्यांना कुणी कधी शिकवलंच नाही. मी आईला म्हटलं, मी जाते. आई म्हणाली, “तुला तरी येतं का गं?” मी म्हटलं, बाबांनी सांगितलेलं सगळं पाठ आहे.

विहाराच्या आत खिडक्यांना चादरी लावून अंधार केला होता. गजा पहिल्या रांगेत, गुडघ्यावर हात ठेवून, परीक्षेला बसल्यासारखा. मी माइक घेतला आणि बाबांचं एकही वाक्य बदललं नाही. टेलिफोन खातं, डिव्हिजनचा साहेब, बावटा आणि पेन, सगळं तसंच. दवाखान्यातली अदलाबदलही तशीच. दर वाक्याला काळूरामकाका गजाकडे बघत आणि गजा मान डोलवी. मग ते सवालजवाब आले. भीमाबाई मागे वळून माझ्याकडे बघायला लागल्या. बाबांनी तिथे काही सांगितलंच नव्हतं, म्हणजे पाठ करायलाही काही नव्हतं. पडद्यावरचा ताल मात्र चालूच होता, आणि मावशी, माझं तोंड माझ्याआधी उघडलं:

पळसदरीच्या पाण्यात पाहिलं मी तोंड,
तुझ्यापरीस बरा दिसतो धरणातला धोंड.

पोरं ओरडली. तोवर पडद्यावर धाकटा जॉन पुढे झाला, मग त्यालाही काहीतरी द्यायला हवं होतं:

धोंड म्हण, गोटा म्हण, मी तर आहे पक्का,
तू रे बाबा पाण्यावरच्या शेवाळ्याचा थक्का.

भीमाबाईंनी मांडीवर थाप मारून ठेका धरला, मग सगळ्या विहाराने धरला. मी आणखी आठ-दहा जोड्या म्हटल्या. त्यातल्या दोन काळूरामकाकांच्या मिशीवर होत्या, पण त्या अमेरिकन पोराने म्हटल्या असल्यामुळे त्यांना काही बोलता आलं नाही. भीमाबाई त्यांच्याकडे वळून एवढंच म्हणाल्या, “बगा, शब्द जुनं नव्हतं. तोंड जुनं व्हतं.”

फीत संपून पडद्यावर मुंग्या आल्या. मी शेवट सांगितला आणि काळूरामकाका उभे राहिले. म्हणाले, “गजा, आता तू सांग. ह्ये असंच बोलली का ती मानसं?” गजा उठला. त्याच्या कपाळावर घाम होता. त्याने एकदा माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाला, “शब्दाला शब्द, दाजी. म्या बी एवडं नीट सांगू शकलो नसतो.”

संध्याकाळी नळावर मी त्याला विचारलं की खरंच सगळं बरोबर होतं का. तो इकडेतिकडे बघून हळू आवाजात म्हणाला, “बाई, मला इंग्रजी पाच वाक्यं येतात. गुड मॉर्निंग, गरम पानी येतंय, चाय की कॉफी, लाइट गेली, सॉरी साहेब. दाजी काल म्हनले तुमच्या बाबांशी सामना हाय, तर मला रातभर झोप नाय. म्हटलं, आता माझं बिंग फुटतंय.” मग तो आणि मी हंडे खाली ठेवून इतके हसलो, की चिंधी आत्या घराबाहेर येऊन बघून गेली.

घरी आले तर बाबा उठून बसले होते. विहाराचा कर्णा आमच्या घराकडेच तोंड करून असतो, त्यामुळे त्यांनी सगळं ऐकलं होतं. जेवताना भाकरी मोडता मोडता एवढंच म्हणाले, “दवाखान्याचा भाग चांगला सांगितलास.” थोड्या वेळाने म्हणाले, “ते सवालजवाब मला जमले नसते.” आणि ताप उतरला.

असं सगळं झालं. बाकी विशेष काही नाही. दाढेचं लवकर उरकून घे.

तुझी,
जयवंता

ता. क. – मुंबईत तो पिक्चर कुणी पाहिला असेल तर शेवट विचारून ठेव. पोरं हरली असतील तर कळवू नकोस.

ता. क. २ – मावशी, एक काम आहेच. मला जूनमध्ये तुझ्याकडे राहून मुंबईच्या कॉलेजात इंग्रजी घेऊन बी. ए. करायचं आहे. खरं इंग्रजी, माणसं काय बोलतायत ते कळेल असं. मार्चमध्ये बाबांजवळ विषय काढला तर ते म्हणाले, “घरात मी असताना इंग्रजीसाठी मुंबईला कशाला जायचं?” आता याला मी काय उत्तर देणार? तेव्हा तू त्यांना लिही की तुझे गुडघे धरले आहेत आणि सोबतीला जयवंता हवी. इंग्रजीचं नावही काढू नकोस. त्यांना वाईट वाटेल.

ता. क. ३ – चंद्रभागाबाईंना सखारामचा जय भीम. पोरीने पत्र पेटीत टाकायला माझ्याकडे दिलं, पाकीट चिकटवायचं राहिलं होतं. पाच जूनला मी स्वतः तिला घेऊन येतो, कॉलेजचा फॉर्म आणून ठेवावा. तिच्या आईला मात्र गुडघ्यांचंच लिहावं, नाहीतर ती सोडणार नाही. आणि एक विनंती. मला इंग्रजी येत नाही हे पोरीला कळलं आहे, हे मला कळलं आहे, असं तिला कळू देऊ नये.