खलनायकाच्या एन्ट्रीला हेवी मेटल

४ एप्रिल १९८८, सोमवार

डायरी सुरू. मोठे कलाकार लिहितात. उद्या कोणी आपल्यावर पुस्तक काढलं तर शोधाशोध नको.

ठरलं. मराठी सिनेमात हेवी मेटल आणणारा पहिला माणूस मी, लवू धोंडू पेडणेकर, राहणार लालबाग. इंग्लिश पिक्चरमध्ये गाडी उडते तेव्हा मागे इलेक्ट्रिक गिटार कशी किंचाळते! अंगावर काटा येतो. आपल्याकडे गुंड आला की पेटी आणि झांजा. वाटतं, सत्यनारायणाला आलाय.

रोज चार तास रियाझ. केस कापायचे नाहीत.

बायकोचा, म्हणजे शांताचा, भाऊ गणपत हिंदमाताला साडीच्या दुकानात आहे. तिथे माझ्यासाठी जागा बघून ठेवलीय म्हणे. शांताला स्पष्ट सांगितलं, गिरणीचा माणूस खांद्यावर साड्या टाकून गिऱ्हाइकांपुढे मुरडणार नाही. ती म्हणाली, गिरणी सुटून सहा वर्षं झाली. मी म्हटलं, सुटली नाही, संप चालू आहे. कोणी मागे घेतलाय? बाबांनी कॉटवरून मान डोलावली. त्यांना ऐकू येत नाही, लूमखात्यातल्या खडखडाटात तीस वर्षं काढली. पण तिथे सगळे ओठांवरूनच बोलायचे, त्यामुळे संप हा शब्द बरोबर ओळखतात.

शांता म्हणाली, बाबा कायम होते, तू बदलीवर होतास, कोणी गैरहजर असला की त्या दिवसापुरता. काय संबंध? संप तो संप.

६ एप्रिल, सकाळी ७

अँप्लीफायरची सोय झाली. गणपती मंडळाचा जुना कर्णा मिळाला, पत्र्याचा. गणपतीत दहा दिवस वाजवायचं नाही या अटीवर. गिटार चोरबाजारातली आहे, पण जातिवंत.

पावणेसातला वायर जोडली. एक सूर लावला तर तो थांबेचना, आपला आपण वाढत गेला. याला फीडबॅक म्हणतात. विलायतेत लोक यासाठी वर्षानुवर्षं मेहनत घेतात, मला पहिल्याच दिवशी जमलं.

समोरच्या खोलीतले वसंतकाका लेंग्यावर गॅलरीत आले. हातात रिकामा डबा. खयची पाळी, विचारत होते. बिचारे. वय झालं.

आत बघतो तर बाबा कॉटवर उठून बसलेले, केस विंचरतायत. त्यांना हा आवाज बरा ऐकू आला! हेवी मेटलची ताकद, दुसरं काय.

१९ एप्रिल

बँडचं नाव: पोलाद. मेंबर दोन. ड्रमवर चंदू, शीव कोळीवाड्याचा. हात दणकट. एकच खोड, लग्नाच्या बँडात वाजवत असल्यामुळे दहा मिनिटं झाली की आपोआप हळदीच्या ठेक्यावर येतो. आज माझ्या सर्वांत भयानक तुकड्यावर शेजारची रखमा कमरेला पदर खोचून नाचायला आली. मी रागावलो तर म्हणते, भावजी, छान बसवलंय.

रियाझ पाऊण तास. चाळीला झेपत नाही.

९ मे

चंदू बँड सोडून गेला. वैचारिक मतभेद. (त्याच्या महिनाभर हळदी लागल्यात.) आता पोलाद म्हणजे मी एकटा. चांगलंच आहे. एकाच माणसाची दिशा पक्की असते.

३ जून, शुक्रवार

संगीतकार गंगाधरराव घरी आले! संपावरच्या सिनेमाला संगीत देतायत. शांता डबे करते, त्यांच्या रेकॉर्डिस्टचा डबा आमच्याकडून जातो, आणि गंगाधररावांना सुक्या बोंबलाची चटणी फार आवडली, म्हणून तिला भेटायला आले, असं शांता सांगत सुटलीय. खोटं. आवाज ऐकूनच जिना चढले असणार. मी लगेच कर्णा चालू केला. ते दोन्ही कानांवर हात ठेवून बराच वेळ उभे होते. तल्लीन. मग म्हणाले, पंधरा जुलैला दादरला रेकॉर्डिंग आहे, हे धूड घेऊन या.

गिरणीमालकाचे गुंड चाळीत घुसतात, त्या सीनसाठीच असणार. चार मिनिटांचा तुकडा बसवायला घेतला.

४ जून

शांताने पैज लावली. पडद्यावर माझं नाव दिसलं तर साडीचं दुकान हा विषय जन्मात काढणार नाही. नाही दिसलं तर तुळशीच्या लग्नानंतर, लग्नसराई सुरू झाली की, मी मुकाट दुकानात उभं राहायचं. मालक तोपर्यंतच जागा धरतोय. मी हसत हसत हो म्हटलं. गणपतीच्या फोटोवर हात ठेवायला लावला, तोही ठेवला. लवू पेडणेकर कोणाच्या बापाला भीत नाही.

१५ जुलै, शुक्रवार, संध्याकाळी

झालं. इतिहास झाला.

कर्णा डोक्यावर घेऊन बाबा लालबागहून दादरपर्यंत चालत आले. टॅक्सीला हात केला तर ऐकेनात. संपात मोर्च्याला असेच चालायचे.

गंगाधररावांनी चार मिनिटं डोळे मिटून ऐकलं. मग म्हणाले, हे सगळं राहू द्या, तो पहिला लांब सूर लावा फक्त. आणि धरून ठेवा. तीन वेळा घेतला. तिसऱ्या वेळी शेवटी कर्ण्याचा पत्रा जरा थरथरला, मी म्हटलं परत घेऊ, तर म्हणाले, नको, हाच पाहिजे. पत्र्याच्या थरथरीची किंमत कळणारा माणूस! मग चहा आला.

रेकॉर्डिस्ट बाबांना विचारत होता, पहिली पाळी किती वाजता लागायची, आवाज किती वेळ चालायचा. बाबा ओठ बघून उत्तरं देत होते. काय पण चौकशा. कलाकार मी, मुलाखत बाबांची.

२० सप्टेंबर

गणपतीमुळे रियाझ बंद. (जुलैपासूनच बंद आहे, पण आता कारण अधिकृत आहे.) केस खांद्याखाली आले. मंडळाने मला देखाव्यात राक्षस व्हायला विचारलं. ठाम नकार दिला. उभं किती वेळ राहायचं ते विचारून ठेवलं.

१८ नोव्हेंबर, शुक्रवार, संध्याकाळी ७

भारतमाता थिएटरला तीनचा शो. बावीस माणसं नेली. वसंतकाका, रखमा, गणपत, सगळे. बाबांना मधल्या खुर्चीत बसवलं.

नावं आली. माझं नाही. शांताने माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, शेवटी येतात.

गुंड चाळीत घुसले. पेटी आणि झांजा! सत्यनारायण! मी खुर्चीत तडफडलो.

मग शेवट. बंद गिरणी, धुरांडं, गेटपाशी एक म्हातारा कामगार. आणि अचानक माझा सूर! तिसऱ्या वेळचा, पत्र्याच्या थरथरीसकट. अकरा सेकंद. त्यांनी माझं हेवी मेटल गिरणीचा भोंगा म्हणून लावलंय!

मी ओरडायला उभा राहिलो, अहो ही गिटार आहे! पण बघतो तर सगळं थिएटर उभं. पहिले वसंतकाका, मग पुढच्या रांगा. एक म्हातारा खुर्चीखाली डबा चाचपत होता. कोणी शिट्टी मारली नाही, टाळी नाही. नुसते उभे.

बाबाही उभे. हमसून हमसून रडत होते. आई गेली तेव्हासुद्धा असे रडले नव्हते. माझा दंड धरून म्हणाले, भोंगो झालो रे झिला. मी त्यांच्या तोंडापुढे तोंड नेऊन सांगितलं, बाबा, ती माझी गिटार आहे, मी वाजवलीय. त्यांना ओठांवरून सगळं कळलं, शंभर टक्के कळलं. म्हणाले, गप रव. आयकूक दी.

शेवटी नावं आलीच नाहीत. पडदा पडला.

१९ नोव्हेंबर, शनिवार

हार मानणार नाही. गंगाधररावांना निषेधाचं पत्र लिहायला घेतलं. अर्ध्यात सोडलं. तांत्रिकदृष्ट्या मराठी सिनेमात हेवी मेटल आलंच आहे, आणि ते मीच आणलंय.

गॅलरीत वसंतकाकांना समजावून सांगितलं. ते खवळले. म्हणाले, अठ्ठावीस वर्षं त्या भोंग्यावर उठलो, मला भोंगा शिकवतोस? बदलीवाला! चाळीत कोणी विश्वास ठेवत नाही. फक्त शांता म्हणाली, तूच वाजवलास, मला ठाऊक आहे, सुरात होता. सात महिन्यांत तिने पहिल्यांदाच कौतुक केलं. मी गॅलरीत जाऊन उभा राहिलो. डोळ्यांत काहीतरी गेलं होतं.

२१ नोव्हेंबर, सोमवार

पहाटे बाबांनी मला हलवून उठवलं. बोटाने कर्णा दाखवला. पावणेसातला तो एक सूर लावला. गॅलरीत दारं उघडली, पण शिव्या कोणी दिल्या नाहीत.

सूर थांबल्यावर बाबांनी शांताच्या हातातला डबा घेऊन माझ्या हातात दिला. म्हणाले, भोंगो झालो, कामाक जा. सहा वर्षांत हा माणूस मला एकदाही कामावर जा म्हणाला नव्हता. मी विचारलं, आणि संप? म्हणाले, तुझो मिटलो. माझो चालू आसा.

दुकान साडेदहाला उघडतं. मी आठलाच शटरपुढे उभा होतो.

रात्री. तात्पुरतं आहे, लग्नसराईपुरतं. एकवीस साड्या खांद्यावर टाकून दाखवल्या, नऊ खपल्या. परळच्या एक बाई म्हणाल्या, मोरपिशी तुम्हालाच जास्त शोभतेय. घेतली त्यांनी.

उद्या केस कापणार. पदर अडकतो.