दावा सुनेच्या नावे

मी, तुळसा हरिश्चंद्र केळुसकर, राहणार माडबागवाडी, तालुका मालवण, जिल्हा सिंधुदुर्ग, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. शिक्षण चौथी. गुडघे गेले, डोकं जागेवर आहे. ज्याला शंका असेल त्याने माझ्याशी दोन शब्द बोलून बघावं. कोणी धाक घातलेला नाही. घालून बघायचा होता.

१. मी लग्न होऊन ज्या घरात आले ते किनाऱ्याच्या सरकारी जागेत आहे, असं सरकार म्हणतं. सासऱ्यांनी या वाळूत पहिला माड लावला तेव्हा कोणी विचारायला आलं नव्हतं. आता पर्यटकांच्या गाड्या लावायला जागा हवी, म्हणून आम्हाला उठायची नोटीस आली. कोर्टाने तूर्त मनाई दिली आहे. दावा माझ्या नावाने चालू आहे आणि निकालापर्यंत मी काही पुरत नाही. म्हणून हे लिहिणं.

२. दावा अडला तो माझ्या नवऱ्याच्या चांगुलपणावर. मोजणीचा साहेब आला, यांनी त्याला शहाळं फोडून दिलं. साहेबाने विचारलं, "जागा कोणाची?" हे हात जोडून म्हणाले, "तुमचीच, साहेबानू. आमी काय ती वर घेवन जातलव?" आल्यागेल्याशी बोलावं तसं बोलले. साहेबाने तसंच लिहून घेतलं आणि यांनी खाली सही केली. आता सरकारी वकील दर तारखेला तेच वाचून दाखवतो. मेलेल्या माणसाला दोष देत नाही. जिवंत होते तेव्हा पुरेसा दिला.

३. म्हणून घर, माड, विहीर, या जागेवर माझा जो काही हक्क ठरेल तो आणि हा दावा मी सून रसिका हिला देत आहे. माझ्यामागे दाव्यात तिचंच नाव लावावं. मुलगा सुदेश याने विचारलं, "आये, माका कित्याक नाय?" मी म्हटलं, "तू बापाशीसारखो बरो आसस, म्हणान." रसिका बरी नाही. ती नवी नवरी असताना मी तिला सुनावलं होतं, "ह्या घर माझा. हयसर माझ्या मनान चालतला." ती कढी ढवळत म्हणाली, "घर तुमचा आसा, आये, पण चुलीर हात माझो भाजता." मी आठवडाभर तिच्याशी बोलले नाही. कोर्टातही तिने हेच सांगावं.

४. बँकेत असेल ते सुदेशला. त्यातून माझं कार्य करावं, गावजेवण घालू नये. नात तन्वी हिला माझ्या कुड्या. नारळ खवायचा आडाळा रसिकाकडे. त्याची धार गेली आहे असं ती म्हणायची, ते खरं होतं.

५. शेजारी मंगेश धुरी मोबदला घेऊन रस्त्यापलीकडे राहायला गेला आणि आमचं घर अलीकडे बांधलेलं आहे अशी साक्ष देऊन आला. लहानपणी तो याच घरात पेज जेवला आहे. त्याला विहिरीचं पाणी बंद करू नये. चहा विचारू नये. या कागदाला साक्षीदार म्हणून मुद्दाम त्यालाच बोलावलं आहे. एक तरी साक्ष खरी द्यावी.

६. निकाल विरुद्ध गेला तर मशीन यायच्या आधी कौलं आपल्या हातांनी उतरवावी. जाग्यावाल्याला, म्हणजे या जागेच्या राखणदाराला, दरवर्षीसारखा नारळ ठेवावा आणि आम्ही जातो म्हणून सांगावं. त्याला कोणी नोटीस दिलेली नाही.

७. तोवर साहेबलोक येत राहतील. रसिकाने त्यांना खुर्ची द्यावी, पाणी द्यावं, शहाळं असेल तर फोडावं. "घर आपलंच समजा" असं मात्र म्हणू नये.

तुळसा हरिश्चंद्र केळुसकर (सही)
माडबागवाडी, दि. ६ मार्च २०२५

साक्षीदार:
१. नम्रता सत्यवान मयेकर (सही)
२. मंगेश धुरी (सही). काकींनी त्यांच्या राहत्या, जुन्या घरात माझ्यासमोर सही केली.