दोन्ही डोळे उघडे ठेवून तपासणी व्हावी म्हणून

प्रति,
माननीय वैद्यकीय अधिकारी,
राष्ट्रीय पुरुष हॉकी संघ,
खेळाडू निवास, तळमजला.

विषय : आंतरराष्ट्रीय लीगच्या रविवारच्या शेवटच्या सामन्याआधी माझ्या भावाचे डोळे पुन्हा तपासण्याबाबत.

संदर्भ : गालाच्या दुखापतीनंतर आपण केलेली तपासणी, ज्यात तो पास झाला.

महोदय,

आधी नुसतं ऐकून घ्या, मग हा कागद फाडायचा तर फाडा. अर्जाची भाषा मला दोन-तीन वाक्यं जमेल, पुढचं जसं येईल तसं.

अर्जदार ही आपल्या संघातील बचावपटूची धाकटी बहीण आहे. सदर खेळाडूला संघात सगळे ‘स्प्रिंग’ म्हणतात, कारण पेनल्टी कॉर्नरला समोरच्यांनी चेंडू आत ढकलला रे ढकलला की गोललाइनवरून पहिला तोच सुटतो आणि गोलावर सणसणीत फ्लिक मारणाऱ्याच्या थेट अंगावर धावत जातो. तो चेंडू कसा येतो ते मी आपल्याला काय सांगणार. आपण तळाला आहोत, रविवारी हरलो तर लीगमधून खाली जाणार, हेही आपल्याला ठाऊक आहे. ठाऊक नाही ती एकच गोष्ट, आणि ती आमच्या घरातही माझ्याशिवाय कुणाला माहीत नाही.

आमचं फोटो फ्रेम करायचं दुकान आहे. सामने नसले की दादा बाबांच्या हाताखाली काम करतो. गेल्या आठवड्यात बाबांनी चौकटीच्या कोपऱ्यात बारीक खिळा धरला आणि दादाने हातोडी हाणली ती बाबांच्या अंगठ्यावर. बाबा कळवळले, वर म्हणाले की मैदानात एवढासा चेंडू दिसतो आणि बापाचा अंगठा दिसत नाही होय रे. दादा हसला, आईही हसली. मला हसू येईना. कारण दादा वेंधळेपणाने नव्हता मारत, चांगला नेम धरून मारत होता, फक्त जिथे नेम धरला तिथे खिळाच नव्हता.

मग मी त्याच्यावर नजर ठेवली. चहा ओतताना कपाच्या बाहेर. जिना उतरताना पायाने पायरी चाचपायची, म्हाताऱ्या माणसाने चाचपावी तशी. शेवटी दुकानाच्या मागच्या खोलीत गाठला आणि सरळ विचारलं, “दादा, खिळे किती दिसले तुला?”

तो हातातली काच पुसत राहिला, ती स्वच्छ होती तरी. मग म्हणाला, “दोन. खाली बघितलं की होतं तसं.”

“आणि चेंडू?”

“तोही. वर एक, खाली एक. खालचा बहुतेक खरा असतो.”

महोदय, बहुतेक! माझा भाऊ त्या ‘बहुतेक’च्या भरवशावर गोलातून धावत सुटतो.

परदेशातल्या त्या सामन्यात कॉर्नर अडवल्यावर त्याने कॉर्नरपुरता तोंडावर चढवलेला मास्क काढून फेकला आणि तेवढ्यात चेंडू कुणाच्या तरी स्टिकला लागून त्याच्या डोळ्याखाली बसला, तेव्हापासून हे आहे. सूज उतरली तसं हेही उतरेल असं त्याला वाटलं. आपण तपासलंत तेव्हा त्याने आपल्याला फसवलं नाही, एवढं कृपा करून लक्षात घ्या. आपण उजवा डोळा झाकायला लावलात, त्याने तक्ता वाचला. डावा झाकायला लावलात, पुन्हा शेवटच्या ओळीपर्यंत वाचला. एकेका डोळ्याला सगळं लख्ख दिसतं हो त्याला! दोन्ही उघडून खाली बघितलं की एकाचे दोन होतात, आणि दोन्ही उघडून खाली बघ असं कुणी म्हटलंच नाही. यात मी आपल्याला दोष देत नाही. मीसुद्धा त्याच घरात राहून अंगठा फुटेपर्यंत झोपाच काढत होते.

मागच्या सामन्यात तो धावला आणि चेंडू त्याच्या कानाजवळून जाऊन खांबावर आदळला. टीव्हीवाले म्हणाले, काय धाडस, फ्लिक मारणाऱ्याला बाहेर मारायला भाग पाडलं. आईने शेजारच्या काकूंना दोनदा ऐकवलं ते. खरं तर तो चुकीच्या चेंडूवर धावला होता, म्हणून वाचला. आता म्हणतो, मास्कच्या आत एक डोळा मिटून घेईन, कुणाला दिसणार आहे. पण एका डोळ्याने चेंडू किती जवळ आलाय ते कळत नाही, हे मी सुई ओवताना एक डोळा मिटून करून पाहिलं. मला सुईचं नेढं सापडेना, त्याला तर धावायचं आहे.

मी खूप भांडले. तो एवढंच म्हणाला, “रविवार होऊ दे. मी बसलो आणि आपण खाली गेलो, तर संघातल्या पोरांना तोंड कसं दाखवू?” आणि मला शपथ घातली. ती मी आत्ता मोडते आहे, आणि तो माझ्याशी पुन्हा बोलेल असं मला वाटत नाही.

तरी विनंती की, त्याला रविवारी खेळवू नये. ते जमतच नसेल तर कॉर्नरला मध्यरेषेपलीकडे पाठवावं, तिथे बाकीचे उभे असतात तसा उभा राहील. तेही प्रशिक्षक ऐकणार नसतील तर निदान एवढं करा : त्याला आपल्या खोलीत बोलवा, दोन्ही डोळे उघडे ठेवायला सांगा, आपलं एक बोट त्याच्या गुडघ्याजवळ धरा आणि किती बोटं आहेत ते विचारा. विचारलं तर तो खोटं बोलणार नाही, मी ओळखते त्याला. माझं नाव घेऊ नका. किंवा घ्या, चालेल.

आपली आणि त्याचीही,
‘स्प्रिंग’ची धाकटी बहीण
गुरुवार, फ्रेमचं दुकान

सोबत : बाबांच्या अंगठ्याचा एक्स-रे (परत मिळावा, पुढच्या तपासणीला न्यायचा आहे).

ता. क. : मी हे लिहितेय आणि तो समोरच बाकावर बुटांना नव्या लेसा घालतोय, एक डोळा मिटून. आत्ताच म्हणाला, कुणाला लिहितेस एवढं, काय प्रेमपत्र आहे का? मी हो म्हटलं. तो हसला आणि भलत्याच भोकात लेस घालायला लागला. डॉक्टर, माझ्या जागी तुम्ही असता तर काय केलं असतं?