सदतीस नंबरची छत्री

बाबा, आईला जाऊन परवा महिना झाला. तुम्हाला जाऊन किती वर्षं झाली ते आता बोटांवर मोजता येत नाही. तुम्ही जिच्याशी अबोला धराल अशी घरात कुणी उरलेली नाही, म्हणून लिहायला बसले. सांगायचं आहे ते एवढंच : पुण्याला गेलेल्या आगपेटीत तुमच्या सदतीस नंबरच्या छत्र्या नव्हत्या. मी त्या बदलल्या होत्या. चूक तुमच्या डोळ्यांची नव्हती. हे वाक्य मी इतकी वर्षं मनात घोळवलं आहे की आज कागदावर उतरलं तरी मला काही झालं नाही. आईच्या वेळीही रडू आलं नव्हतं. शेजारणी म्हणाल्या, धक्का बसलाय हिला. मी त्यांच्यासाठी चहा टाकला. तुम्ही शिकवलं होतंत, दिसतं ते लिही, वाटतं ते लिहू नकोस. वाटत काहीच नाही, त्यामुळे आज ते पाळणं सोपं जातंय.

तुम्ही शाळेत विज्ञान शिकवायचात आणि उरलेल्या वेळात कुजलेल्या गोष्टींपाशी उकिडवे बसायचात. बाकीच्या मास्तरांनी शिकवण्या केल्या, दोघांनी लूम टाकले. तुम्ही मसुराएवढ्या, फार तर चवलीच्या नाण्याएवढ्या कुत्र्याच्या छत्र्या गोळा केल्यात. मोठ्या, खायच्या अळंब्यांकडे तुम्ही ढुंकूनही पाहिलं नाहीत. तुम्हाला हव्या असायच्या त्या पाचोळ्यावरच्या, मेलेल्या काटकीवरच्या, बांबूच्या कुजक्या पेरावरच्या, ज्यांच्यावर माणूस पाय देऊन जातो आणि त्याला कळतही नाही. आपल्या गल्लीच्या टोकाला चाचांचा यंत्रमागाचा कारखाना होता. त्याच्या मागे आंब्याखाली पाचोळा आणि सुताचा कचरा वर्षानुवर्षं एकात एक मुरत पडला होता. शुक्रवारी लूम बंद असायचे, खडखडाट थांबलेला असायचा, आणि शाळा सुटली की तुम्ही मला घेऊन तिकडे जायचात. चाचा खाटेवर बसून बघायचे.

"मास्तर, ते खायाचं हाय काय?"

"न्हाय."

"औषध बिवषध?"

"न्हाय, चाचा. नाव लावायचंय."

"नाव लावून काय करनार? उद्या न्हाय तर परवा सडनार ते."

"म्हणून तर उद्याच्या आत लावायचं."

चाचा हसायचे आणि आतून दोन कटिंग मागवायचे. तुम्ही त्यांच्याशी त्यांच्यासारखं बोलायचात आणि घरी आलात की पुन्हा शाळेतलं. मला ते बाहेरचं आवडायचं.

घरी तुमची प्रयोगशाळा म्हणजे आईचं स्वयंपाकघर. स्टोव्हच्या वर एक जुनं शिंकं टांगलेलं होतं, त्यात रवा चाळायची चाळण, आणि चाळणीत छत्र्या वाळत पडलेल्या. आई म्हणायची, "तुमच्या त्या कुत्र्याच्या छत्र्या एक दिवस आमटीत पडतील, मग बसा नाव लावत." डॉक्टरांकडून तुम्ही एक्स-रेचे काळे कागद मागून आणायचात. अर्धा काळा, अर्धा पांढरा असा कागद जोडून त्यावर छत्रीचं टोपण पालथं ठेवायचं आणि वर वाटी झाकायची. सकाळी बारीक भुकटीचा छाप उठलेला असायचा. पांढरी भुकटी पांढऱ्यावर दिसत नाही म्हणून काळा कागद. एकदा मी छापाच्या रकान्यात "बहुतेक पिवळसर" लिहिलं, तर तुम्ही वही माझ्यासमोर ढकललीत आणि म्हणालात, "बहुतेक हा रंग नाही." दिवसभर मला ते लागून राहिलं होतं.

सगळ्यात आवडायची ती पाण्याची परीक्षा. वाळून काडीकचरा झालेली छत्री वाटीतल्या पाण्यात टाकायची. एका कुळातली असेल तर ती शेंबडासारखी लिबलिबीत होऊन तळाशी बसते. दुसऱ्या कुळातली असेल तर पाणी पिते, देठ ताठ होतो, टोपण उघडतं, मेलीच नव्हती अशी उभी राहते. वाळल्यावर दोन्ही सारख्याच दिसतात, म्हणून ही परीक्षा. तुम्ही घड्याळ लावून बसायचात आणि आई कणीक मळता मळता वाकून बघायची.

मी बारावीत असताना, भाद्रपदात, तुमच्या वहीत पुढे जिला सदतीस नंबर पडला ती छत्री मला दिसली. चाचांच्या आंब्याखाली कुजलेल्या पानाच्या शिरेवर सात जणी होत्या. देठ काळा, केसाएवढा, वाकवला तरी न मोडणारा. टोपण विटकरी, छत्रीसारख्या चुण्यांचं. तुमच्याकडच्या कुठल्याच वर्णनाशी ती जुळेना. तीन संध्याकाळी तुम्ही शाळेचा मायक्रोस्कोप आणि वही घेऊन बसलात आणि शेवटी म्हणालात, पुण्याला पाठवू, तिथले जाणकार सांगतील. वर्णनाखाली तुम्ही लिहिलंत, "प्रथम पाहणारी : माझी मुलगी." सातातली एक मायक्रोस्कोपखाली चिरली गेली. एक तुम्ही पाण्यात घातलीत, ती पंचवीस मिनिटांत उभी राहिली. ती पुन्हा वाळवून, आगपेटीत कापसावर ठेवून तुम्ही माझ्या हातात दिलीत. "ही तुझी," म्हणालात. तुम्ही वाढदिवसालाही कधी काही आणत नव्हतात. मी ती पेटी कंपासमध्ये ठेवली. उरलेल्या पाच शिंक्यातच राहिल्या, टपालात ओल नको म्हणून अजून एक दिवस.

तो दिवस गौरी जेवणाचा होता. तुम्ही आत्याला आणायला खारबावला गेला होतात. जाताना मला सांगून गेलात, संध्याकाळी पाच नग पेटीत भर, उद्या कॉलेजला जाताना पोस्टात टाक. आईचा सोवळ्यातला स्वयंपाक सुरू व्हायचा होता. तिने तांब्यात तुळशीपत्र बुडवून ओट्यावर, स्टोव्हवर, डब्यांवर पाणी शिंपडलं, आणि शिंक्यावर जरा जास्तच, कारण तिथे काय होतं ते तिला माहीत होतं. पुरण शिजेपर्यंत चाळणीत पाचही जणी उभ्या. आई मला हाक मारून म्हणाली, "बघ गं, गौरी आल्या म्हणून ह्यासुद्धा उठल्या." ती खूश होती. मीही खूश होते. मला वाटलं उभ्याच पाठवाव्यात, पुण्याच्या लोकांना बरं दिसेल. मी त्या ओल्या छत्र्या कापसात बसवल्या आणि पेटीवर कागद गुंडाळला.

दुसऱ्या दिवशी पोस्टाच्या दारात एकदा बघावंसं वाटलं म्हणून पेटी उघडली. आत करड्या बुरशीचा गोळा झाला होता. बुरशीलाच बुरशी आली, याचं तेव्हा हसू आलं नाही. तुमचा चेहरा दिसला. तुम्ही ओरडला नसतात. आपल्या घरात भांडण कधी नव्हतंच, अबोला होता. आदल्या वर्षी आईने छापाचा कागद रद्दीत घातला, तर तुम्ही तिच्याशी दिवाळी उलटेपर्यंत बोलला नव्हतात. मीठ हवं असेल तरी मला सांगायचात, आणि मी ते दोन हातांवरच्या आईला सांगायची. पाणी कुणी मारलं हे तुम्ही विचारणार आणि मला सांगावं लागणार. मी कॉलेजला गेले नाही. चाचांच्या आवारात गेले, आंब्याखाली धुंडाळलं. सदतीस नंबर उरली नव्हती. शेजारच्या काटकीवर विटकरी टोपणाच्या दुसऱ्या होत्या, देठ फिका आणि ठिसूळ. वाळल्यावर कुठे कळतंय, असं मी स्वतःला सांगितलं. त्या लवकर वाळायला हव्या होत्या. कारखान्यात चालू लूमची मोटर तापलेली असते, तिच्यावर कागद टाकून मी पाच जणी पसरल्या.

"मास्तरनी सांगितलं?" चाचांनी विचारलं.

"हो."

"मास्तरनी सांगितलं तर ठीक हाय."

दुपारी मी पेटी पोस्टात टाकली.

दोन महिन्यांनी उत्तर आलं, सोबत आगपेटी परत. ते पत्र तुम्ही स्वयंपाकघरात उभ्याने वाचलंत, मोठ्याने, एकदाच. नमुना आणि वर्णन जुळत नाहीत. देठ ठिसूळ आहे. नमुना पाण्यात उभा राहत नाही. निरीक्षण घाईने झालेलं दिसतं, नमुन्यावर कापसाचे तंतूही आहेत.

"कापूस पेटीतला असेल," तुम्ही म्हणालात. मग पेटी उजेडात धरलीत. "पण हे सुताचे तंतू आहेत. मी साफ केल्या होत्या. सूत कुठून आलं?"

"भिवंडीत सूत कुठून येत नाही?" आई म्हणाली.

तुम्ही माझ्याकडे बघितलंत की नाही ते मला माहीत नाही, कारण मी खाली बघत होते. परत आलेल्या तीन छत्र्या तुम्ही एकेक करून तीन वाट्यांत घातल्यात आणि घड्याळ लावलंत. तिन्ही तळाशी बसल्या. तुम्ही पाणी मोरीत ओतलंत, वाट्या स्वतः घासल्यात आणि म्हणालात, "डोळे गेले माझे." त्या आठवड्यात तुम्ही नवा चष्मा करून आणलात. मायक्रोस्कोप शाळेत पोचता झाला, वह्या माळ्यावर गेल्या. शुक्रवारी शाळा सुटली की तुम्ही सरळ घरी येऊन पेपर वाचू लागलात. चाचांनी दोनदा निरोप पाठवला, मास्तर, पाचोळा तसाच ठेवलाय, उचलला न्हाय. तुम्ही गेला नाहीत.

आईने शिंकं काढलं नाही. रिकामंच टांगून ठेवलं. तुमच्या मागेही ती मला मधूनमधून म्हणायची, "ह्यांनी ते सोडायला नको होतं. माणूस घरात असून नसल्यासारखा झाला." आपण शिंपडलेल्या पाण्याचं तिला कधीच कळलं नाही. तुम्ही ठाण्याच्या हॉस्पिटलात होतात, नव्वदच्या दशकाच्या मध्यावर, तेव्हा छातीचा एक्स-रे काळ्या कागदात गुंडाळून आला. फिल्म मी डॉक्टरांना दिली, कागद तुमच्या पांघरुणावर राहिला. तुम्ही तो हातात घेतलात, घडी सरळ केलीत आणि मला म्हणालात, "टाकून दे." त्या दिवशी सांगायला हवं होतं. मी कागद टाकून आले. परतताना कशेळीच्या पुलावर ट्रकांमागे तासभर अडकून होते, तेवढ्या वेळात मागे फिरता आलं असतं.

आता मी भिवंडीजवळच्या पूर्णा गावातल्या एका गोदामात परत आलेल्या मालाचं काम बघते. खोक्यावर एक लिहिलेलं, आत दुसरंच. मुलं विचारतात, मॅडम, चूक कोणाची लिहू? मी म्हणते, दिसतं ते लिहा.

काल माळा रिकामा केला. तुमच्या वह्यांना कसर लागली आहे, पण सदतीसचं पान शाबूत आहे. आज सकाळी मी माझी आगपेटी काढली. वाटीत पाणी घेतलं, छत्री टाकली आणि कुकर लावला. तिसऱ्या शिट्टीपर्यंत काही नव्हतं. मग देठ सरळ झाला, चुण्या सुटल्या, विटकरी टोपण वर आलं. एकोणतीस मिनिटं लागली. तुमच्या पानावर पंचवीसखाली मी आजची वेळ लिहिली आहे. गॅस बंद केला आणि तिथेच खाली बसले. रडू तेव्हाही आलं नाही. वर्णन बरोबर होतं, बाबा, शब्दन् शब्द.

हे पत्र तुमच्या वहीत ठेवते. आणखी एक राहिलं. पुण्याचं पत्र तुम्ही वाचत होतात तेव्हा कंपास माझ्या मांडीवर होता आणि ही पेटी त्यात होती. तुम्ही तीन वाट्या मांडल्यात, चौथी मी मांडायची होती. मला आठवलं नाही असं नव्हतं.