बाहुलीच्या खोलीला हात लावायचा नाही

मी, खाली सही करणारी, धंद्याने नटी आणि त्याहून जास्त वर्षे पडद्यामागचा आवाज, हे मृत्युपत्र स्वखुशीने, पूर्ण शुद्धीवर राहून लिहून ठेवते. शुद्धीवर असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत आहे. तो माझ्या दिवंगत बहिणीच्या मुलाने, म्हणजे भाच्याने, आग्रहाने घ्यायला लावला. आता त्याच दाखल्यामुळे त्याला या कागदावर हरकत घेता येणार नाही, याला माझा इलाज नाही.

याआधीची माझी सर्व मृत्युपत्रे रद्द समजावीत. ती रागाच्या भरात केली होती. हेही रागातच आहे, पण या वेळी वकीलबाईंनी मला आधी पाणी पाजले.

कलम १. पोशाखांची पेटी, रंगाचा डबा व आरसा पलीकडच्या शाळेच्या नाटकमंडळाला द्यावा. टोप झटकून घ्यावेत, त्यांत कसर लागली आहे. हे सामान मी फिरत्या नाटक कंपनीत असताना जमवले. वडिलांनी त्या कंपनीपायी माझ्याशी बोलणे टाकले होते. पुढे पहिल्या सिनेमात मला नायिकेची मैत्रीण केले, तेव्हा ते गुपचूप तिकीट काढून बघून आले. पडद्यावर मी दोनदा दार उघडते आणि एकदा लावते. घरी येऊन म्हणाले, "दार चांगलं लावलंस." त्यानंतर ते माझ्याशी बोलू लागले.

कलम २. त्या सिनेमाच्या दिग्दर्शकाला, किंवा तो नसल्यास त्याच्या वारसांना, माझ्याकडून काहीही मिळू नये. सगळ्या सेटसमोर त्याने म्हटले होते, "बाईंचा चेहरा चालत नाही, आवाज मात्र सोडू नका." तो सोडलाही नाही. नायिकेचा आवाज गंजलेल्या बिजागरीसारखा होता, म्हणून तिच्या तोंडी माझा घातला. तिला आम्ही स्टुडिओत 'बाहुली' म्हणायचो. ओठ तिचे, बोलणे माझे. करारात अट होती की याची वाच्यता करायची नाही. बाहुली गाजली. तिच्या 'काळजाला भिडणाऱ्या आवाजाला' पारितोषिके मिळाली. दर सत्काराला तिचा घसा नेमका बसलेला असे, आणि लोक हळहळत.

माझी आई तिचे सिनेमे डोळे मिटून बघायची. शेजारणीने झोप लागली का म्हणून विचारले, तर म्हणाली, "डोळे उघडले की माझी मुलगी दिसेनाशी होते."

कलम ३. माझा आवाज. सिनेमांखेरीज तो लिफ्टमध्ये, जाहिरातींत आणि फोनच्या रांगेत अडकलेला आहे. पेन्शनची चौकशी करायला फोन केला, तर मीच मला 'कृपया थांबा' म्हणून सांगत बसले आणि अखेर फोन कापलाही मीच. ते राहू द्या. पण भाच्याच्या ओळखीतल्या एका कंपनीला यंत्राकडून माझा आवाज नव्याने बोलून घ्यायचा आहे. भाचा म्हणतो, मावशी, तू अमर होशील. मला अमर व्हायची हौस नाही, गुडघे आत्ताच दुखतात. माझ्या पश्चात माझ्या आवाजात एकही नवे वाक्य कोणी तयार करू नये. जन्मभर लोकांनी लिहिलेले बोलले. मेल्यावर तरी मला गप्प बसू द्यावे.

कलम ४. माझा हेडफोन आमच्या ध्वनिमुद्रकाला मी आधीच देऊन टाकला आहे, इथे फक्त नोंद; नाहीतर त्याला साक्षीदार होता आले नसते. त्याला सगळे कानसेन म्हणतात. श्वास चुकला तर काचेपलीकडून नुसती भुवई उचलणारा आणि चांगले झाले तर काहीच न बोलणारा हा माणूस. इतकी वर्षे त्याच्या त्या न बोलण्यावर मी काम रेटले.

कलम ५. राहते घर. हे माझ्या कष्टाचे आहे. कोणा निर्मात्याने ते दिल्याची आवई उठवणारे आधीच गेले, नाहीतर त्यांनाही एकेक प्रत धाडली असती. घर भाच्याला मिळावे. मात्र पुढची खोली बाहुली हयात असेपर्यंत बाहुलीची राहील, आणि बँकेतली शिल्लक तिच्या औषधपाण्याला व कामवालीच्या पगाराला जाईल.

हे कसे झाले ते सांगते, कारण भाचा सगळ्यांना विचारत सुटेल.

बाहुलीला झटका आला. एक पाय ओढू लागला आणि वाचा गेली. तशातच कोणीतरी तिचा मोठा सत्कार ठरवला. तिच्या मुलाचा मला फोन आला, की आई नुसते ओठ हलवील, तुम्ही पडद्यामागून आभाराचे भाषण करा. मी साफ नाही म्हणून फोन ठेवला आणि सत्काराच्या संध्याकाळी गेले. का गेले ते मला विचारू नये.

अर्धे भाषण झाले आणि तिने ओठ मिटले. मला दिसत होते, पण हातातला कागद संपला नव्हता, म्हणून मी बोलत राहिले. तोंड बंद आणि आवाज चालू. ती उठली, पाय ओढत आली, पडदा बाजूला सारला आणि मनगट धरून मला उजेडात आणले. मी घरच्या कपड्यांत, चष्मा दोरीला लटकलेला. आधी सांगितले असते तर केस तरी विंचरले असते! लोकांना वाटले, बाईंची नर्स आली. कोणीतरी लगबगीने खुर्ची आणली, तीही तिच्यासाठी. टाळ्या एकट्या कानसेनाने वाजवल्या.

त्यानंतर ती दुपारी येऊ लागली. मग मुलाने तिचे घर विकले, तेव्हा बॅग घेऊनच आली. मी विचारले, किती दिवस? तिने पुढच्या खोलीची खिडकी उघडली आणि माझ्या खुर्चीत बसली.

तेव्हापासून माझ्या डोक्याला ताप आहे. ती पत्त्यांत लबाडी करते, माझी शाल पांघरते, दिवा मालवत नाही. भाचा म्हणाला, "मावशी, जिने तुझं सगळं घेतलं, तिलाच घरात घेतेस?" त्याचे उत्तर इथे देते. ती श्वास कधी घेणार, कुठे अडखळणार, कोणता शब्द गिळणार, हे पाहत मी अर्धे आयुष्य अंधारात उभी राहिले. आज तिला काय हवे ते डॉक्टरांना कळत नाही, पोटच्या मुलाला कळत नाही, मला कळते. ही विद्या आता मी दुसरीकडे कुठे नेऊ? मी गेल्यावर कळणारे कोणी उरणार नाही, म्हणून निदान खोली तरी ओळखीची असावी.

कामवालीला मी खुणा शिकवत आहे. भाच्यानेही शिकाव्यात. तो मनाने वाईट नाही, फक्त घाईत असतो.

बाहुलीला या मृत्युपत्राखाली साक्षीदार म्हणून सही करता येत नाही, कारण तिला यातून लाभ आहे. तरी वकीलबाईंनी हे कलम तिला वाचून दाखवले आणि या खोलीत राहणे मान्य आहे का, असे विचारले. झटक्यानंतर तिच्या खऱ्या आवाजातला एकच शब्द उरला आहे, तोच तिने उच्चारला.

"नाही."

वकीलबाईंनी पेन खाली ठेवले. बाहुलीने खुर्चीचे हात घट्ट धरले होते आणि ती माझ्याकडे बघत होती.

मी सांगितले, "लिहा. मान्य आहे म्हणते."

लिहून देणार: सही (स्वतःची)
साक्षीदार पहिले: शेजारचे डॉक्टर, सही
साक्षीदार दुसरे: ध्वनिमुद्रक, सही. वाचून काही बोलले नाहीत.
ठिकाण: राहते घर, पुढची खोली
दिनांक: वकीलबाईंच्या शिक्क्यात आहे तोच